सिनेमातलं माझं बघणं

डाळज, ता. इंदापूर
१२ फेब्रुवारी २०२५, बुधवार

मने,

आधी ओळख देते, म्हणजे तुला उगाच डोक्याला ताण नको. मी झुंबरबाई, तुझ्या बापाची आई. तुझ्याच सिनेमात दिसते, तेव्हा निदान चेहरा तरी ओळखीचा असेल. पावसाळा गेला, दिवाळी गेली, संक्रांत गेली, आणि तुझी खुशाली मला परक्यांकडून कळते. एवढं विसरायला शाळा शिकावी लागत असेल. मला काही जमलं नाही.

हे पत्र विनयाबाई लिहितायत. आपल्या शाळेच्या बाई. घर बारामतीला, आठवडाभर इथं खोली करून राहतात. मी बोलते तसं लिहा म्हटलं, तर माझं ‘न्हाय’ खोडून ‘नाही’ करतात. म्हटलं करा. मुंबईला जायचंय, अंघोळ घालूनच पाठवा.

फोन का नाही केला म्हणशील. सिनेमा बघून आले त्या दिवशी तुझ्या बापानं माझा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवून शपथ घातली, ह्या घरातल्या कुणी मनीशी फोनवर बोलायचं नाही. पत्राचं सर्जेरावाला सुचलं नाही. आपली आई पत्र लिहील, असं कुठल्या पोराच्या मनात येईल?

तर काम सांगते. तुझा सिनेमा इंदापूरला मंगल कार्यालयात पडदा लावून दाखवला. विनयाबाईंनी मला एसटीनं नेलं. तू आली नाहीस, दुसऱ्या कुणाचा तरी सिनेमा कापत बसली होतीस म्हणे. बरं होतं सगळं. धरणाचं पाणी, ते लांब पायांचे गुलाबी पक्षी, माझे गोंदलेले हात. हात तर इतके मोठे दाखवलेस की शेजारची बाई म्हणाली, हिच्या हातावर अख्खी मेंढरं चरतील.

मग वाळूच्या होड्यांचा मालक इंद्रजित येतो. तू मागून विचारतेस, सिद्धू कुठं गेला? तू विसरभोळी म्हणून परत सांगते, सिद्धू म्हणजे त्याच्या होडीवर कामाला होता तो. गेल्याच्या गेल्या दिवाळीपासून बेपत्ता. इंद्रजित म्हणतो, भिगवणला गाडीत बसला आन् गेला. तुझ्या सिनेमात तो हसतो आणि म्हणतो, “गेला आसंल पोट भरायला. हितं कोन कुणाला धरून ठेवतंय?” आणि लगेच माझं तोंड. पडदाभर. डोळे फाटलेले, ओठ हलतायत पण शब्द नाही.

मने, अख्खा हॉल मागं वळला. पडद्यावरची म्हातारी सोडून खुर्चीतल्या म्हातारीकडं बघायला लागला. सिद्धूची बायको नकोशी पुढं बसली होती, तीही वळली. इंद्रजित पहिल्या रांगेत होता, अंगावर सत्काराची शाल. तो वळला नाही. मला तेवढंच दिसत राहिलं, त्याची न वळलेली मान.

पुढच्या आठवड्यात तो घरी आला. पाया पडला, लुगडं ठेवलं. म्हणाला, “आजी, डोळ्यांत मोतीबिंदू दिसतोय. बारामतीला नेतो, माझ्या गाडीनं. ऑपरेशन करून टाकू. ह्या वयात मानसाला भलतंच दिसतं.”

मी म्हटलं, “दादा, मला अजून सुई ओवता येती.”

“त्येच म्हनतोय,” तो म्हणाला. “येवढं बारीक बघू न्हाय.”

मी भ्यालेली नाही. विनयाबाई, हे ठळक लिहा.

तुझ्याकडं त्या शूटिंगच्या दिवसाचं पुढचंही असेल. तू म्हणाली होतीस, आजी, आता बोलू नको, नुसती समोर बघ. मी समोर बघितलं तर तुझ्या पायापाशी घोणस. तू कॅमेऱ्याला डोळा लावून. मी ओरडले असते, तर तू दचकून तिच्यावरच पाय दिला असतास. म्हणून गप्प बसले. ती सरकली, मग मी ‘साप साप’ केलं, तू किंचाळलीस, कॅमेरा पडला, आणि मग आपण दोघी धापा टाकत हसत बसलो. ते किंचाळणं कुठं गेलं? ते हसणं कुठं गेलं? माझं निम्मंच बघणं तू उचललंस आणि नेऊन त्या माणसासमोर ठेवलंस.

तो सगळा तुकडा विनयाबाईंच्या मोबाईलवर पाठव. इंद्रजितला दाखवते, चहा पाजते, मिटवते.

आणि तू इकडं येऊ नको. काही कारण नाही. ऊन फार आहे.

तुझी आजी
(अंगठा माझा. बाकी सगळं विनयाबाईंचं.)


डाळज
२० फेब्रुवारी २०२५, गुरुवार

मने,

तुकडा आला. तुझं किंचाळणं ऐकून विनयाबाईंची मांजर माळ्यावर गेली ती अजून उतरलेली नाही. तुझा निरोपही बाईंनी वाचला. “आजी, त्याच्या हसण्यानंतर तिथं एक चेहरा हवा होता, तुझा मिळाला.” वा गं. हवा होता म्हणून घेतला. आंब्याच्या झाडावरचा आंबा आहे का तो?

पण तुझी खोड जुनीच. इंदापूरला दीपकच्या स्टुडिओत लग्नाच्या कॅसेटी जोडायला लागलीस, तेव्हाचं आठवतं. त्या लग्नात सासू सकाळपासून फुगलेली, सबंध दिवसात एकदाच हसली, तेही आचारी घसरून पडला म्हणून. तू ते हसू घेतलंस आणि मुंडावळ्या बांधताना, हार घालताना, सून पाया पडताना, सगळीकडं लावलंस. मुलीकडची माणसं कॅसेट बघून रडली, सासू किती मायाळू म्हणून. मी तुला विचारलं होतं, मने, त्या पोरीला नांदायचंय कुणाबरोबर, ह्या सासूबरोबर का कॅसेटीतल्या? तू म्हणालीस, आजी, जोडल्यावर खरं दिसतं की नाही एवढंच बघायचं.

लहानपणी अशी नव्हतीस. मेंढरांच्या खुणेचा गेरू घेऊन भिंतीवर मेंढरं काढायचीस, आणि एकाचं तोंड दुसऱ्याला लावायची नाहीस. तुझा आजा भिंतीकडं बघून म्हणायचा, ही तांबडी, ही लंगडी. नावानं ओळखायचा. पुढं तू जुळलेलं लग्न मोडून मुंबईला गेलीस, दूध गार करायच्या खोलीसारख्या गार खोलीत बसून मालिका कापायला लागलीस, तिथं एकच थोबाडीत तीन बाजूंनी दाखवतात. तेव्हापासून हे वाढलं. तुझी चित्रं मुंबईत लोक भिंतीला लावतात, हे कानावर आलं. बाप तुझं नाव काढत नाही, पण वर्तमानपत्रात तुझा फोटो आला होता, तो त्यानं ट्रॅक्टरच्या पेटीत ठेवलाय. मी सांगितलं असं म्हणू नको.

आता खरं सांगते. तुकडा मी अजून इंद्रजितला दाखवलेला नाही.

तो यायच्या आधीच नकोशी आली. येऊन बोलली काही नाही. माझा झाडू घेतला आणि अंगण झाडायला लागली. मी म्हटलं, “अगं ठेव, माझी सून हाय की.” ती झाडतच राहिली. मग म्हणाली, “आजी, तुमी काय बघितलं?”

“साप,” मी म्हटलं. “मनीच्या पायाजवळ. देवाशपथ.”

“भ्या वाटतंय म्हनून सांगताय.”

मी बाईंचा मोबाईल आणून तिला सगळा तुकडा दाखवला. तिनं बघितला. आपण दोघी हसतोय तिथपर्यंत बघितला. मोबाईल परत दिला आणि म्हणाली, “ह्ये कुनाला दाखवू नका आजी. तुमचं त्ये बघनं गावात फिरल्यापासनं पहिल्यांदा कुनीतरी सिद्धूचं नाव मोठ्यानं घेतंय. आत्तापतूर मलाच विचारायचे, तू त्याला काय बोललीस म्हनून त्यो गेला.”

मला खोटी साक्षीदार व्हायचं नव्हतं, आणि तिच्या तोंडावर नाहीही म्हणवेना.

दुसऱ्या दिवशी इंद्रजितचा ड्रायव्हर एक डबी देऊन गेला. उघडली तर काळा चष्मा. डोळ्याच्या ऑपरेशननंतर घालतात तो. ऑपरेशन ठरलेलं नाही, मी हो म्हटलेलं नाही, आणि चष्मा आधी आला. तुझ्या आईनं हौसेनं घालून बघितला, मी काढून घेतला. तेव्हापासून तो देवळीत ठेवलाय, तोंड भिंतीकडं करून. हसू नको.

आणि मग तो स्वतः आला. मी ठरवलंच होतं, आता मोबाईल आणायचा, साप दाखवायचा, विषय संपवायचा. चहा ठेवला. तो खाटेवर बसला, कप हातात, आणि एकदम हळू आवाजात विचारलं, “आजी, खड्डा भरला त्याच्या आदल्या संध्याकाळी तुमी मोटारीकडं आल्ता का?”

मने, माझ्या हातातली चहाची गाळणी तशीच राहिली.

आपल्या रानात काठाला पाण्याच्या मोटारीचा जुना खड्डा होता, ठाऊक आहे ना? पोरंबाळं पडतील म्हणून इंद्रजितनं त्या दिवाळीत तो वाळूनं भरून दिला. फुकट. वर सिमेंट ओतलं. मी त्याला भलं माणूस म्हटलं होतं. सिद्धू जर भिगवणला गाडीत बसून गेला, तर आमच्या खड्ड्याजवळ कोण होतं नि कोण नव्हतं, ह्याची चौकशी कशाला?

मला काहीच ठाऊक नव्हतं गं. काही म्हणजे काही नाही. तू खोटं जोडलंस, आणि ते बघून त्यानंच मला सांगितलं.

मी म्हटलं, “आदली संध्याकाळ मला कशी आठवंल दादा? मला काल काय जेवले त्ये आठवत न्हाय.” तो हसला. कप तसाच ठेवून गेला.

विनयाबाई म्हणतायत, हे पत्रात नको. मला अक्षर वाचता येत नाही, पण वाकडं झालेलं दिसतं.

पहिल्या पत्रात ठळक लिहायला सांगितलं होतं ते खोडून टाक.

येऊ नको.

तुझी आजी


वडगाव निंबाळकर, ता. बारामती
२ मार्च २०२५, रविवार

मने,

पत्ता बदलला म्हणून घाबरू नको. घाबरायचं काम माझ्याकडं आहे, मी करते. तुझ्या बापानं मला इथं तुझ्या आत्याकडं आणून सोडलं. विनयाबाई बारामतीहून स्कूटरवर आल्यात, रविवार मोडून.

तुझा निरोप कळला. तू म्हणतेस, सगळ्यांच्या मोबाईलवर सापाचा तुकडा टाकते, सिनेमातलं माझं तोंड काढून टाकते, म्हणजे कुणी माझ्या वाटेला जाणार नाही.

टाकू नको. काढू नको. आधी ऐक.

बापाला मी सगळं सांगितलं. खड्ड्याचंही. त्यानं आधी दार लोटून घेतलं. मग म्हणाला, “आये, तुला ठार येड लागलंय. आपला ऊस त्याच्या ट्रकनं कारखान्याला जातो.”

“जाऊ दे की.”

“पोरीचा तो व्हिडिओ दाखव आन् सोडून दे. साप म्हन. साप व्हताच ना? मग खरंच बोलतीयस!”

“बोलते की खरं. दोन्ही खरं बोलते. साप व्हता, आन् त्यानं खड्ड्याचं विचारलं.”

“दुसरं कुनी ऐकलं का?”

“चहाचा टोप व्हता तिथं.”

तो उठून बाहेर गेला. मला वाटलं रागानं गेला. खिडकीतून बघते तर बांधावर बसून त्या सिमेंटकडं बघत होता. दुसऱ्या दिवशी मला गाडीत घातलं नि इथं आणलं. निरा डाव्या कालव्यापाशी गाडी थांबवून मला उसाचा रस पाजला. हा माणूस रागावलेला नव्हता, मने. पन्नाशी उलटलेलं माझं पोर भ्यालं होतं.

मीही भ्यालेय. इथं तुझ्या आत्याचं घर भरलेलं, गोठ्यात पंधरा जनावरं, दिवसभर दुधाच्या किटल्यांचा खडखडाट. तरी दारात गाडी वाजली की मी आधी पाय बघते, कुणाचे उतरतायत. माझे डोळे खरंच चांगले आहेत, आणि आता वाटतं नसते तर बरं झालं असतं. दुपारी डोळा लागला तर तो चष्मा स्वप्नात येतो. माणूस नाही, नुसता चष्मा.

तू टाकलेला साप बघून लोक हसतील. इंद्रजितही हसेल. त्याच्या मानेवरचं ओझं उतरेल, तो मला पुन्हा लुगडं आणेल आणि मी सुखानं मरेन. आणि नकोशी? ती तो हसणारा तुकडा गावभर बघत फिरेल. तिला परत विचारतील, तू नवऱ्याला काय बोललीस?

म्हणून असं ठरवलंय. उद्या मी इंदापूरला पोलिसांत जाऊन जबाब देणार. मी काही बघितलं असं म्हणणार नाही. साप होता हे आधी सांगणार, तुझा तुकडाही साहेबांना दाखवणार, म्हणजे नंतर कुणी म्हातारीनं फसवलं म्हणायला नको. मग त्यानं काय विचारलं ते सांगणार. तोवर गावाला साप कळू देऊ नको. त्याला वाटू दे मला दिसलंय. गावालाही तसं वाटतंय तोवर तो खड्ड्याला हात लावणार नाही, काठावर सगळ्यांचे डोळे आहेत.

नकोशी बरोबर येतेय. विनयाबाईंनी रजा टाकलीय आणि मला सांगतायत, माझं नाव पत्रात लिहू नका. मी म्हटलं, तुम्हीच लिहिताय, तुम्हीच गाळा. त्यांनी गाळलेलं नाही असं त्या म्हणतात. तू बघून घे.

तू येऊ नको. ह्यावेळी कारण आहे. त्यानं विचारलंय, ती सिनेमावाली नात राहते कुठं.

तुझी आजी


डाळज
११ मार्च २०२५, मंगळवार

मने,

हे पत्र पोस्टात टाकत नाही, बाई फोटो काढून आत्ताच पाठवतायत.

इंदापूरला साहेबांनी विचारलं, “आजी, तुम्ही काय पाहिलं?” मी म्हटलं, “साप.” त्यांनी पेन खाली ठेवलं. बरोबरच्या हवालदाराला हसू आवरेना. मग मी खड्ड्याचं सांगितलं, तेव्हा पेन परत उचललं. उकरायचं तर जमीनमालकाचं काय म्हणणं, असं त्यांनी विचारलं. मी सर्जेरावाचं नाव सांगितलं आणि मनात म्हटलं, संपलं. तर तो बाहेर व्हरांड्यातच उभा होता. वडगावला मला न भेटता परस्पर इंदापूरला आला होता. आत आला, टोपी काढली. म्हणाला, “खड्डा माझ्या रानात हाय. उकरा.” एवढंच. मग टोपी हातातच विसरून बाहेर गेला.

शुक्रवारी मशीन आणलं. सिमेंट फुटलं. मला काठावर जाऊ दिलं नाही, मीही हट्ट केला नाही. नकोशी मात्र उन्हात उभी होती. वाळू निघत राहिली. मग मशीन थांबलं आणि माणसं हातानं काढायला लागली, तेव्हा ती खाली बसली. हातातलं कडं तिनं ओळखलं. तिनंच घेतलं होतं ते, भिगवणच्या बाजारात.

इंद्रजितला घेऊन गेले. पण त्याच्या होड्या अजून पाण्यात आहेत, त्याची माणसं चौकात उभी आहेत, आणि आपल्या दारावरनं सकाळपासून एकही माणूस राम राम घालत गेलेला नाही. मला वाटलं होतं तो आत गेला की माझी भीती जाईल. तसं होत नाही बघ. दारात गाडी वाजली की अजून आधी पाय बघते.

दवाखान्यातून काल दुपारी सिद्धूला दिलं. माती झाली. मातीला बरी गर्दी होती, सगळे लांब लांब उभे. घरी आल्यावर नकोशीच्या ओट्यावर आम्ही वाट बघत बसलो. चूल पेटवायची नाही, कडू घास शेजारपाजाऱ्यांनी आणायचा. दिवेलागण झाली. समोरच्या घरातनं पिठल्याचा वास येत होता, म्हणजे केलं होतं. आणलं नाही. दारापर्यंत आलेली बाई पदराखालचा डबा घेऊन परत वळलेली मी बघितली. चौकातनं कुणीतरी नुसतं खाकरलं होतं. तिला मी नावं ठेवत नाही. मला ठाऊक आहे पाय कसे वळतात.

शेवटी विनयाबाईंच्या गॅसवर आम्ही पिठलं केलं. भाकरी मी थापली, चारच झाल्या. नकोशीच्या तोंडात पहिला घास मी घातला. तिनं गिळला, पण दोन घोट पाण्याबरोबर.

उद्याही तिची चूल पेटणार नाही. परवाही नाही. मी रोज थापीन, पण एका म्हातारीचा घास म्हणजे गावाला खेळ वाटतो. दुसऱ्या घरातनं आला पाहिजे. आपल्या घरातनं आत्ताच आणवत नाही, तुझी आई दाराला कडी लावून बसलीय, आणि सर्जेराव अंगणात येरझारा घालतोय. त्याच्याकडून निघेल, पण त्याला कुणीतरी पुढं चालणारं लागतं. तो आजवर पहिला कधी गेला नाही, मेंढरांच्या मागं चालत वाढलेलं पोर आहे.

आत्तापर्यंत येऊ नको म्हटलं. आता म्हणत नाही. पहाटेच्या गाडीनं निघालीस तर दुपारी भिगवणला पोचशील. बाप स्टँडवर असेल. शपथ फोनची आहे, स्टँडची नाही, असं मी त्याला सांगून ठेवलंय. त्यानं मान हलवली नाही, पण ट्रॅक्टर धुतलाय.

कॅमेरा आणू नको.

भाकरी घेऊन ये, ज्वारीची. बरोबर मुगाची आमटी, लसूण कमी, मीठ बेतानं, तुझ्या हातून मीठ जास्त पडतं. भाकरी थापायला विसरली असशील तर भिगवणला विकत घे, पण आमटी तुझ्या हातची पाहिजे. पाच माणसांचं आण. वेशीपाशी ट्रॅक्टरवरून उतर आणि नकोशीच्या दारापर्यंत पायी ये, चौकातनं, आणि डब्याला झाकण लावू नको.

तुझी आजी